मत विकायचंय? आधी कांद्याचा लिलाव बघून या

सरळ विचारतो, गेल्या वेळी किती मिळाले? हजार? दोन हजार? लाजू नका, इथे कोणी तुमच्या सासरचं नाहीये. दोन हजार धरू. पाच वर्षांचे दिवस होतात १,८२६, म्हणजे रोजचे एक रुपया नऊ पैसे. एवढ्यात टपरीवर कटिंगचा वाससुद्धा मिळत नाही, आणि तुम्ही गल्लीभर सांगत फिरत होतात की यंदा रेट चांगला फुटला.

मत विकू नका हे सांगायला बाकीचे आहेत, बॅनर आहेत, शाळेतल्या पोरांच्या प्रभातफेऱ्या आहेत, त्यांचं ते बघतील. माझं म्हणणं एवढंच की विकायचंच तर धंदा शिकून विका.

त्यासाठी एक दिवस सुट्टी टाका आणि लासलगावला नाहीतर उमराण्याला जाऊन कांद्याचा लिलाव बघा. ट्रॅक्टरच्या ट्रॉल्या रांगेत उभ्या, व्यापाऱ्यांचा घोळका या ट्रॉलीवरून त्या ट्रॉलीवर, कोणीतरी दोन कांदे उचलून हातात चोळतो, सालपट फुंकतो, पुकारा सुरू होतो आणि तुम्ही नाक पुसेपर्यंत सौदा ठरलेला असतो. शेतकरी तिथेच उभा असतो, भाव त्याच्या कानावर पडतो, नाही पटला तर ट्रॉली माघारी नेतो (म्हणजे नेऊ शकतो, डिझेलचा खर्च आठवला की सहसा नेत नाही). वजन झालं की हिशोबपट्टी हातात. ही व्यवस्था फार गोड आहे असं कोणी म्हणत नाहीये, फेब्रुवारी २०२३ मध्ये सोलापूरच्या बाजारात ५१२ किलो कांदा विकलेल्या शेतकऱ्याच्या हातात हमाली, तोलाई, गाडीभाडं सगळं कापून दोन रुपयांचा चेक पडला होता, तोही पुढच्या तारखेचा. पण निदान भाव चारचौघांत फुटतो, गिऱ्हाईकं चार असतात आणि गोल्टीला, म्हणजे बारक्या कांद्याला, गोल्टीचा भाव लागतो.

आता तुमचा लिलाव आठवा. आमच्याकडे गेल्या खेपेला रात्री साडेअकराला दोघं आले होते, एकाच्या हातात मतदार यादीचं पान आणि लाल पेन, दुसऱ्याच्या जॅकेटमध्ये पाकिटं.

"काका, तुमच्याकडे पाच ना?"

म्हटलं, चार.

"यादीत पाच दिसतात."

अरे आजी गेल्या ना आमच्या, दोन वर्षं झाली. त्याने पेन थांबवला, "अरेरे, चांगली होती हो म्हातारी," म्हणाला आणि त्याच दमात जॅकेटवाल्याला, "चारचंच दे."

बायको आत दाराआड उभी राहून ऐकत होती. ते गेल्यावर म्हणते, आजींचं नाव अजून यादीत आहे म्हणजे त्यांचं मत कोणीतरी टाकणारच, मग त्यांचे का सोडले? घरात धंद्याचं डोकं कोणाला आहे ते तुमच्या लक्षात आलं असेल. मी पाकीट ठेवून घेतलं का ते विचारू नका, कायद्यात देणाऱ्याइतकाच घेणाराही गुन्हेगार असतो, एक वर्षापर्यंत आत टाकू शकतात.

पण त्याच कायद्यात एक गोड सवलतही आहे बरं का. लाच जर खाण्यापिण्याच्या रूपात असेल तर नुसता दंड, कैद नाही! इंग्रजांच्या वेळेपासून चालत आलंय आणि नवीन न्याय संहितेतही तसंच ठेवलंय. तर यापुढे पाकीट नको म्हणा, मटण सांगा. घरी वाढून आणलं तर हाडंच जास्त येतात, जागेवर बसूनच खा.

असो. मुद्दा रेटचा. तुमचं मत इतक्या स्वस्तात का जातं? कारण एकट्या मताची किंमत खरंच जवळपास शून्य आहे. तुम्ही उन्हात दोन तास रांगेत उभे राहिलात काय आणि घरी पंख्याखाली झोपलात काय, निकाल तोच लागतो. तुम्ही म्हणाल, २०२४ ला मुंबई उत्तर पश्चिममध्ये ४८ मतांनी खासदार ठरला त्याचं काय? किंवा २०१७ ला मुंबई महापालिकेच्या २२० नंबर वॉर्डात दोघांना अगदी सारखी मतं पडून शेवटी चिठ्ठी काढावी लागली त्याचं काय? हो ना, तिथे एकेका मताला सोन्याचा भाव आला असता. पण ते कळलं कधी? मोजणी झाल्यावर. म्हणजे लॉटरीचं तिकीट तुम्ही रद्दीच्या भावात विकता आणि सोडत नंतर निघते. शिवाय घेणारा तुमचं एकट्याचं थोडंच घेतो, तो अख्खी गल्ली घेतो, होलसेल. तुम्ही मात्र प्रत्येकजण आपापल्या दारात, कडी लावून, कुजबुजत, रिटेलमध्ये विकता, आणि शेजारच्याला किती मिळाले ते विचारायचीही चोरी. असला बाजार घेणाऱ्याच्याच सोयीचा असतो हो.

यावरचा इलाज उमराण्याने काढला होता. होय, तेच कांद्याचं उमराणे, तालुका देवळा, जिल्हा नाशिक. २०२० संपता संपता ग्रामपंचायतीची निवडणूक आली तेव्हा गावाने विचार केला की कांदा जसा विकतो तसंच हेही करू, आणि सगळ्यांसमोर सरपंचपदाचा जाहीर लिलाव पुकारला. बोली थांबली २ कोटी ५ लाखांवर, पैसे गावच्या देवळाला. तिकडे नंदुरबारच्या खोंडामळीत असाच लिलाव ४२ लाखांना सुटला. बघा म्हणजे, काय वाईट होतं यात? भाव उघड, गिऱ्हाईकं समोरासमोर, दलाल नाही, पाकीट नाही, अर्थशास्त्राच्या मास्तरने शंभर पैकी नव्वद दिले असते. पण व्हिडिओ फिरले, राज्य निवडणूक आयोगाने अहवाल मागवले आणि जानेवारी २०२१ मध्ये ऐन मतदानाच्या तोंडावर दोन्ही गावांची निवडणूकच रद्द केली. बाकीच्या हजारो गावांत १५ तारखेला मतदान व्यवस्थित पार पडलं. तिथे आदल्या रात्री काय काय पार पडलं त्याचे व्हिडिओ नव्हते.

इथे शिकण्यासारखं काय, तर शब्द नीट वापरा. त्याच हंगामात काही आमदारांनी जाहीर केलं होतं की गावाने निवडणूक बिनविरोध करावी, गावाला लाखोंचा निधी देऊ. त्याला कोणी लिलाव म्हटलं नाही, त्याला प्रोत्साहन म्हणतात. पैसे गावातल्याने खिशातून दिले तर लिलाव, आमदाराने सरकारी निधीतून दिले तर विकास!

(खरं सांगायचं तर त्या दोन कोटींच्या हिशोबात मला एक कळत नाही. देवळाला दोन कोटी देऊन सरपंच होणारा माणूस गटारीच्या टेंडरमध्ये किती सोडेल? आणि बोलीत हात वर करायची ज्याची ऐपतच नाही, ती शेवटच्या आळीतली मंडळी त्या दिवशी तिथे काय करत होती, टाळ्या वाजवत होती का? पण हे प्रश्न धंद्याच्या आड येतात, सोडून द्या.)

पुढची अडचण डिलिव्हरीची. पैसे घेतले पण माल दिला की नाही हे घेणाऱ्याला कळणार कसं? मत गुप्त असतं, आणि खरेदीदाराची सगळी पंचाईत तिथेच आहे. इंग्लंडात १८७२ पर्यंत मत उघड द्यावं लागायचं, तेव्हा जमीनदार समोर उभा राहून ऐकायचा आणि पैसे वाया जायचे नाहीत. आता बिचाऱ्यांना बेल-भंडारा उचलायला लावावा लागतो, देवाची शपथ घ्यायला लावावी लागते, कोणी मोबाईलवर फोटो काढून आण म्हणतं. आमदारांचंच बघा ना. राज्यसभेला मत पक्षाच्या एजंटला दाखवूनच टाकावं लागतं, विधान परिषदेला गुप्त असतं. २० जून २०२२ ला परिषदेचं मतदान झालं, मतं फुटली, आणि त्याच रात्री गाड्या सुरतच्या रस्त्याला लागल्या, तिथून विमानाने गुवाहाटी. काय झाडी, काय डोंगार, काय हाटील हे तिथूनच आलं. नंतर विरोधकांनी विधानभवनाच्या पायऱ्यांवर खोक्यांच्या घोषणा दिल्या, ते आरोप आहेत, त्यात मी पडत नाही. मी फक्त पॅकिंग बघतो. त्यांचं मत पंचतारांकित हॉटेलात एसीत ठेवतात आणि तुमचं? वडापाव देऊन टेम्पोत. घोडेबाजार हा शब्दसुद्धा त्यांच्यासाठीच राखीव आहे. घोड्याला किंमत असते, तुमच्यासाठी कोंबडीबाजार म्हणावं तर कोंबडीसुद्धा निदान काट्यावर तोलून विकतात.

तेव्हा गुप्ततेचा फायदा घ्या, तिघांकडून घ्या आणि चौथ्याला मत द्या, असा हुशार सल्ला तुम्हाला कट्ट्यावर मिळेल. सल्ला देणारा विसरतो की मतं विकत घेणाऱ्यालाही हे माहिती असतं, निम्मी पाकिटं बुडणार हे धरूनच तो रेट काढतो. म्हणजे तुमच्या शेजाऱ्याच्या हुशारीचे पैसे तुमच्या पाकिटातून कापले जातात.

बरं, रिटेल परवडत नसेल तर होलसेलकडे वळा. २०२४ ची विधानसभा आठवा, माझ्या बघण्यात एवढा स्वच्छ पुकारा दुसरा झाला नाही. सरकारने लाडक्या बहिणींना महिना १५०० सुरू केले. मग पुकारा, परत निवडून द्या, २१०० करतो. समोरून आवाज, आम्ही ३०००! दीड हजार एक, एकवीसशे दोन, तीन हजार तीन... आणि माल सुटला कोणाला? एकवीसशेवाल्याला. लिलावाच्या इतिहासात मोठी बोली लावणारा असा आपटलेला मी तरी पाहिला नाही. का आपटला ते आमच्या मावशीने एका वाक्यात सांगितलं, "त्याचे बँकेत आलेत, ह्याचे तोंडात आहेत." आचारसंहिता लागायच्या आधीच पाच हप्त्यांचे साडेसात हजार जमा झाले होते. आज रोख उद्या उधार ही पाटी वाण्याच्या दुकानात इतकी वर्षं लटकतीये, मोठमोठ्या सर्व्हेवाल्यांना ती दिसली नाही. निकालानंतर मग छाननी आली, ई-केवायसी आली, एकवीसशेची वाट बघणं आलं. माल एकदा ट्रॉलीतून उतरला की भावाची चर्चा कोण करतं.

आणि दीड हजाराला मी नावं ठेवत नाहीये हं. मावशी त्यातून बीपीच्या गोळ्या आणते आणि पहिल्यांदाच कोणापुढे हात न पसरता आणते. रोजचे पन्नास रुपये पडतात, तुमच्या एक रुपया नऊ पैशांच्या पंचेचाळीस पट, आणि वर कोणाच्या बापाची चोरी नाही. पैसे कोणाच्या खिशातले हे मात्र तिला विचारू नका, ती तेलाच्या पिशवीवर जीएसटी भरते हे तिला अजून कोणी सांगितलेलं नाही.

कांदेवाल्यांनी मात्र एकदा धंदा उलटा करून दाखवला. ८ डिसेंबर २०२३ ला केंद्राने कांद्याची निर्यात बंद केली. हिशोब साधा होता, कांदा खाणारे कोट्यवधी, पिकवणारे त्यामानाने मूठभर, आणि महाग कांद्याने सरकारं पडल्याच्या गोष्टी दिल्लीत १९९८ पासून सांगतात. बाजारात कांद्याचे भाव कोसळले. बंदी उठली ४ मे २०२४ ला, मतदान उंबरठ्यावर आलेलं, तीही ४० टक्के शुल्क लावूनच. मग नाशिकच्या कांदापट्ट्यातल्या दिंडोरीत केंद्रातल्या राज्यमंत्री भारती पवार पडल्या आणि शरद पवार गटाचे भास्कर भगरे सर लाखाच्या वर फरकाने निवडून आले. इथे कोणी पाकीट घेऊन मत दिलं असेल-नसेल, पण भाव कांद्याचा लावला. गंमत म्हणजे त्याच मतदारसंघात सरांच्या आडनावाचा एक अपक्ष उभा होता, यांचं चिन्ह तुतारी वाजवणारा माणूस आणि त्याचं नुसतं वाद्य, ज्याला लोक पुढे पिपाणी म्हणायला लागले. त्याला पण लाखाच्या वर मतं पडली. एवढ्या तिडकीने निघालेल्या मालातला लाखभर नग भलत्याच ट्रॉलीत पडला. तर बटण दाबताना चष्मा लावा, व्हीव्हीपॅटची चिठ्ठी सात सेकंद दिसते, तेवढ्यात वाचून घ्या.

शेवटचं, वेळेचं. मुरलेले विक्रेते सकाळी मत देत नाहीत, दुपारनंतर भाव चढतो म्हणून थांबतात. कांदासुद्धा चाळीत, म्हणजे साठवणीच्या शेडमध्ये, ठेवतातच की भावाची वाट बघत. पण उन्हाळ कांदा चार-पाच महिने टिकतो, मत संध्याकाळी सहाला सडतं. आमच्या शेजारचे अण्णा गेल्या विधानसभेला असेच थांबले होते. सकाळी पाचशे कमी वाटले, दुपारी दोनला कोणीतरी सातशे म्हणालं तेव्हा म्हणे हजाराच्या खाली हलणार नाही, चारनंतर कोणी फिरकलंच नाही, आणि पावणेसहाला नाईलाजाने फुकटच टाकतो म्हणून केंद्रावर गेले तर यादीवर त्यांच्या नावापुढे खूण आधीच झालेली! अण्णांनी आरडाओरडा केला, आधार दाखवलं, एजंटांनी एकमेकांकडे बघितलं. केंद्राध्यक्ष सज्जन होते, त्यांनी एका फॉर्मवर सही घेतली आणि छापील मतपत्रिका दिली, प्रदत्त मत म्हणतात त्याला, मशीन नाही, कागदावर शिक्का मारायचा. हे मत मोजणीत धरत नाहीत, कोर्टाने सांगितलं तरच बाहेर काढतात. अण्णांनी चांगला दाबून शिक्का मारला, घडी घालून परत दिली, आणि साहेबांनी ती त्यांच्यासमोर पाकिटात घातली.

एवढ्या दिवसात अण्णांनी पाहिलेलं ते एकच पाकीट.