निकोल किडमनला टॉम क्रूझने घडवलं नाही

‘टॉम क्रूझशी लग्न झालं म्हणून निकोल किडमन स्टार झाली. त्याआधी तिला कोण ओळखत होतं?’ दोघांच्या जुन्या फोटोखाली हा मजकूर वर्षानुवर्षं फिरतोय. सिनेमाची चांगली जाण असलेली माणसंही तो बिनदिक्कत पुढे पाठवतात, म्हणून राहवलं नाही.

आधी ‘कोण ओळखत होतं’ याचं बघू. लग्न डिसेंबर १९९० मधलं. सिडनीत वाढलेल्या निकोलचे ‘बुश ख्रिसमस’ आणि ‘बीएमएक्स बँडिट्स’ हे सिनेमे १९८३ चे. तेव्हा ती जेमतेम पंधरा-सोळा वर्षांची होती. दुसऱ्या सिनेमात सायकली उडवत चोरांना जेरीस आणणाऱ्या तिघांपैकी ती एक, लालसर कुरळ्या केसांची. १९८७ मध्ये ‘व्हिएतनाम’ ही मालिका आली. त्यात ती शाळकरी मुलीची युद्धविरोधी तरुणी होत जाते. त्या कामासाठी तिला ऑस्ट्रेलियन फिल्म इन्स्टिट्यूटचा पुरस्कार मिळाला. म्हणजे लग्नाच्या तीन वर्षं आधीच तिच्या देशाने तिला ओळखलं होतं.

‘हॉलिवूडचं दार नवऱ्याने उघडलं’, हेही उलटं आहे. दार उघडलं ते फिलिप नॉइसच्या ‘डेड काम’ने, १९८९ मध्ये. भर समुद्रात एका शिडाच्या बोटीवर ती एका खुन्याच्या तावडीत एकटी सापडते आणि नवरा मागे दुसऱ्या, बुडत्या जहाजावर अडकलेला. सुरुवातीला मुलाच्या मृत्यूने खचलेली ही बाई हळूहळू डोकं शांत ठेवायला शिकते, त्या माणसाला भुलवते, बेशुद्ध करते आणि बोट वळवून नवऱ्याला सोडवायला निघते. सॅम नीलसारख्या मुरलेल्या नटासमोर विशीतल्या मुलीने सगळा सिनेमा पेलला आहे. एकदा बघाच. क्रूझबरोबरच्या ‘डेज ऑफ थंडर’साठी तिला बोलावणं आलं ते या कामानंतर. दोघांची भेट तिथली, लग्न त्याच्याही नंतरचं.

लग्नाने प्रसिद्धी वाढली, हे मान्य. पण दोघांनी एकत्र केलेले सिनेमे तीनच. तिला गोल्डन ग्लोब मिळवून देणारा ‘टू डाय फॉर’ (१९९५) त्यांत नाही.

‘घटस्फोटानंतर संपली’ हा दावा तर तारखांपुढेच टिकत नाही. घटस्फोट २००१ चा. ‘मूलाँ रूज’ आणि ‘द अदर्स’ त्याच वर्षीचे. पुढच्या वर्षी ‘द अवर्स’ आला. स्वतः डावखुरी असून त्यातली इंग्रज लेखिका व्हर्जिनिया वूल्फ साकारण्यासाठी ती उजव्या हाताने लिहायला शिकली, आणि २००३ मध्ये ऑस्कर घेऊन गेली.

आपल्याकडच्या अनेकांना ती आठवते ‘लायन’मुळे (२०१६). खांडव्याचा हरवलेला मुलगा टास्मानियातल्या ज्या घरी वाढला, त्या घरातली आई तिने उभी केली. त्यासाठीही तिला ऑस्करचं नामांकन होतं, घटस्फोटानंतर पंधरा वर्षांनी.