तुटवडा टायरचा, बदनामी पेट्रोलची

वॉल्टर लँट्झच्या स्टुडिओचा १९४३ सालचा 'रेशन बोअर्ड' हा वुडी वुडपेकर या कार्टूनमधल्या सुतारपक्ष्याचा लघुपट पुढच्या दाव्यासह फिरतो आहे: 'महायुद्धात अमेरिकेतलं पेट्रोल संपलं म्हणून रेशनिंग आलं, कार्ड सगळ्यांना सारखंच होतं, आणि नळीने पेट्रोल ओढणं हा कार्टूनचा फेकूपणा.'

'पेट्रोल संपलं' हे आधी घेऊ. तेल देशात मुबलक होतं, संपत होतं ते रबर. जपानने मलाया आणि डच ईस्ट इंडीज (आजचा इंडोनेशिया) घेतल्यावर नैसर्गिक रबराचा सुमारे ९० टक्के पुरवठा तुटला. टायरचं रेशनिंग जानेवारी १९४२ मध्येच लागलं, तर देशभर पेट्रोलचं लागलं १ डिसेंबर १९४२ ला. हा क्रमच पुरेसा बोलका आहे. गाडी कमी पळाली की टायर कमी झिजतात, म्हणून पेट्रोल आवळलं. ताशी ३५ मैलांची, म्हणजे साधारण ५६ किलोमीटरची वेगमर्यादाही त्याचसाठी, कारण वेगात टायर तापतो आणि झपाट्याने झिजतो. एका गाडीमागे पाचच टायर ठेवायचे, वरचे सरकारजमा. पूर्व किनाऱ्यावर मात्र मे १९४२ पासून खरीच टंचाई होती. पण तीही वाहतुकीची: जर्मन पाणबुड्या तेलवाहू जहाजं बुडवत होत्या. त्यावर उपाय म्हणून टेक्सासहून पूर्वेकडे २४ इंची पाइपलाइन टाकली गेली.

कार्ड सारखं? मुळीच नाही. गाडीच्या काचेवर 'ए' वर्गाचं स्टिकर चिकटवलेल्याला सुरुवातीला आठवड्याला ४ गॅलन, म्हणजे जेमतेम १५ लिटर. गॅलनला १५ मैल धरले तर ६० मैल. युद्धकारखान्यांतल्या कामगारांना 'बी', डॉक्टरांना 'सी', ट्रकना 'टी'. कुपनामागे गाडीचा नंबर लिहावा लागे, तरी बनावट कुपनांचा काळाबाजार चाललाच.

राहिली नळी. वुडी भंगारातल्या आणि नंतर पोलिसाच्या गाडीतून पेट्रोल ओढतो, ती युक्ती भौतिकशास्त्राला धरूनच आहे. नळी पेट्रोलने पूर्ण भरलेली हवी आणि डबा टाकीतल्या पातळीच्या खाली, मग प्रवाह आपोआप चालू राहतो. मध्ये हवा शिरली की तो तुटतो. तोंडाने ओढलं तर घोट फुफ्फुसात जायचा धोका, तो जिवावर बेतू शकतो. भंगारातलं जुनं पेट्रोल तर चिकट डिंक आणि गंज घेऊन येतं, आणि कार्ब्युरेटरचं जेट, म्हणजे इंजिनाला पेट्रोल सोडणारं बारीक छिद्र, तुंबतं. लघुपटाला हे सोयीस्करपणे आठवत नाही. तिथे स्फोट होतो आणि वुडी व पोलीस पंख लावून स्वर्गातही पाठलाग चालूच ठेवतात.