बोक्याची साखर

काल आमच्या गोट्याची साखर २८६ निघाली. गोट्या म्हणजे बोका. पण दवाखान्यातले सगळे बघत होते माझ्याकडे, जणू मी त्याला रोज दोन वाट्या आमरस वाढते.

शेजारी लॅब्रेडॉर घेऊन बसलेल्या काकांनी लगेच तपास हाती घेतला.

"दुधात साखर घालता?"

"नाही."

"मग बिस्किटं?"

"काका, मांजराला गोड चवच कळत नाही. त्या चवीचा जीनच निकामी असतो."

"छे! माझ्या मेहुणीचं मांजर श्रीखंडाचा डबा चाटूनपुसून लख्ख करायचं."

"ते चक्क्यातल्या स्निग्धांशासाठी."

"मेहुणी केशर घालायची," काका म्हणाले. यावर काय बोलणार?

मग त्यांनी बास्केटला कान लावला. "ऐका, घुरघुरतोय! मजेत आहे गडी." मांजर घाबरलं, दुखलंखुपलं तरी घुरघुरतं. गोट्याचे कान डोक्याला चिकटलेले, डोळे नुसते काळेभोर. इकडे काकांचा ब्रूनो एकसारखा ओठ चाटत जांभया देत होता. "झोप झाली नाही त्याची," काका कौतुकानं म्हणाले. कुत्रं अस्वस्थ असलं तरी जांभया देतं, हे मी सांगणार होते. पण मेहुणीकडे कुत्राही निघाला असता.

मग डॉक्टर म्हणाले, "मांजरांची साखर भीतीनंही चढते. फ्रुक्टोसामाइनची रक्ततपासणी करू, मागच्या दोन-तीन आठवड्यांच्या साखरेचा अंदाज येईल." म्हणजे पुन्हा सुई, पुन्हा पैसे. अहो, भीतीनं चढते हे ठाऊक होतं, तर चाळीस मिनिटं कुत्र्यांच्या रांगेत का बसवलंत? मी बास्केटवर ओढणी टाकली, तर कंपाउंडरनं ती काढली. "हवा लागू द्या, मॅडम." आत नेल्यावर त्यानंच मानगूट धरली, आणि गोट्यानं त्याला ओरबाडल्यावर फाइलवर लाल पेनानं लिहिलं: 'डेंजर'. आमच्या बाबांचं बीपी दवाखान्यात चढतं, तेव्हा त्यांना म्हणतात, पाच मिनिटं शांत बसा, पाणी प्या. बाबांच्या फाइलवर कुणी 'डेंजर' लिहीत नाही. लिहायला हरकत नाही खरं तर.

चूक माझीही आहे. बास्केट वर्षातून एकदाच माळ्यावरून उतरते. ती दिसली की गोट्या थेट पलंगाखाली. एरवी ती घरात उघडी ठेवून आत चादर टाकली असती, तर तो आपणहून तिच्यात झोपला असता. पण म्हणून डेंजर?

बिल भरून निघाले, तर काका दारापर्यंत आले.

"कारल्याचा रस द्या. अनशापोटी."