वेगळा कप स्वच्छतेसाठी नसतो

‘सुसंस्कृत समाजाची पाच लक्षणं’ नावाचा एक मेसेज सध्या घोडबंदर रोडवरच्या गृहसंकुलांच्या ग्रुपांवर फिरतोय. माझ्या मामींनी तो मला पाठवला आणि खाली लिहिलं, ‘पटण्यासारखं आहे.’ मामींना पटलं म्हणजे आणखी पुष्कळांना पटलं असणार, म्हणून हे उत्तर. मेसेज थोडक्यात असा: काट्याने जेवणं आरोग्याच्या ज्ञानातून आलं. शिष्टाचार आपल्याला इंग्रजांनी शिकवले. कामवाल्या बायका आणि डिलिव्हरीवाले यांच्यासाठी वेगळी लिफ्ट, वेगळा कप ठेवणं ही स्वच्छता आहे, भेदभाव नव्हे. त्याच्या पुष्टीला ‘युरोपातही असंच होतं’. संस्कार वाढले की मारामाऱ्या कमी होतात. आणि सुसंस्कृत माणूस रस्त्यावर थुंकत नाही.

तिसऱ्या मुद्द्यापासून सुरुवात करतो. बाकीचे चार त्याला आडोसा म्हणून लावलेत.

ज्या बाईंचा कप वेगळा, त्याच बाई घरातले सगळे कप घासतात. पोळ्यांची कणीक त्यांच्याच हातांनी मळली जाते, बाळाची दुधाची बाटली त्याच उकळतात. जंतूंची भीती खरी असती तर ती कणकेपाशी आधी वाटली असती. कप निर्धोक होतो तो साबणाने घासून, वाहत्या पाण्यात विसळून, कोरडा केल्याने. आधी त्याला कोणाचे ओठ लागले होते याने काही फरक पडत नाही. आणि हा वेगळा कप राहतो कुठे? सिंकखाली, नाहीतर खिडकीच्या ग्रिलवर, म्हणजे घरातल्या सगळ्यात ओल्या नाहीतर धुळीच्या जागी. ज्याला स्वच्छता हवी तो कप तिथे ठेवत नाही.

लिफ्टचंही तेच. सिमेंटची पोती, कपाटं, कचऱ्याचे डबे यांच्यासाठी सामानाची लिफ्ट जरूर असावी. तो नियम वस्तूचा आहे. पण जेवण आणणारा मुलगा सामानाच्या लिफ्टने वर येतो आणि त्याच्या हातातलं जेवण थेट ताटात जातं. बाळाला कडेवर घेतलेल्या बाईंना मुख्य लिफ्ट चालते, त्याच बाई एकट्या निघाल्या की चालत नाही. बाळामुळे त्यांचे जंतू कमी झाले का? बदलली ती फक्त त्यांच्या सोबतची व्यक्ती.

स्वच्छता आणि शुद्धी यांत गल्लत कशी होते हे महाराष्ट्राला तरी नव्याने सांगावं लागू नये. २० मार्च १९२७ रोजी डॉ. आंबेडकर आणि त्यांच्याबरोबरचे लोक महाडच्या चवदार तळ्याचं पाणी प्यायले. त्या तळ्यावर गुरंढोरं आधीपासून पाणी पीत होती, त्याने कोणाचं बिघडलं नव्हतं. माणसं प्यायली तेव्हा मात्र १०८ घागरी शेण, गोमूत्र, दूध, दही त्याच पाण्यात ओतून तळं ‘शुद्ध’ करण्यात आलं. पिण्याच्या पाण्यात शेण टाकणं ही कुठल्याही अर्थाने स्वच्छता नाही. तिथे सांभाळली जात होती ती जातीची पायरी, आणि सिंकखालच्या कपातही तीच सांभाळली जाते.

आता ‘युरोपातही असंच होतं’. होतं, आणि तेच या मेसेजच्या विरोधात जातं. सतराव्या शतकात इंग्लंडमधल्या बड्या वाड्यांत नोकरांसाठी मागचा जिना बांधायची पद्धत वाढत गेली. रोग जंतूंमुळे होतात हे पाश्चर आणि कॉख या शास्त्रज्ञांनी सिद्ध केलं ते एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात. म्हणजे जिना जंतूंच्या दोनशे वर्षं आधीचा. नोकर मालकाच्या नजरेस पडू नये, एवढंच त्याचं काम होतं.

हा विषय ज्याने मुळापासून तपासला तो नोर्बर्ट एलियास. तेव्हाच्या जर्मनीतल्या ब्रेस्लाऊचा ज्यू समाजशास्त्रज्ञ, १९३३मध्ये हिटलर सत्तेवर आल्यावर देश सोडावा लागलेला. सभ्यता कशी घडत गेली यावरचा त्याचा द्विखंडी ग्रंथ १९३९मध्ये स्वित्झर्लंडमधल्या बासेलहून निघाला. मध्ययुगापासूनची शिष्टाचाराची पुस्तकं त्याने काळाच्या क्रमाने लावली आणि प्रत्येक नियमाला तेव्हा काय कारण दिलं होतं ते पाहिलं. कारण बहुतेक वेळा एकच: वरचे लोक असं करत नाहीत. आरोग्याचं कारण फार उशिरा, नियम अंगवळणी पडल्यावर जोडलं गेलं.

त्याने दिलेलं एक उदाहरण विसरता येत नाही. अठराव्या शतकातली फ्रेंच सरदारीण मादाम द्यू शातले आपल्या पुरुष नोकरासमोर निःसंकोच विवस्त्र होऊन आंघोळ करायची, कारण तिच्या लेखी तो पुरुष या गणतीतच नव्हता. लाज बरोबरीच्यांसमोर आणि वरच्यांसमोर वाटते. आपल्याकडे त्रावणकोर संस्थानात (आजचा दक्षिण केरळ) नाडार या खालच्या मानलेल्या जातीतल्या बायकांनी वरच्या जातींसमोर छाती उघडी ठेवणं हाच ‘आदर’ होता. अंग झाकायची मुभा मिळाली ती १८५९च्या राजाज्ञेने, तीही वरच्या जातींतल्या बायकांसारखं वस्त्र घ्यायचं नाही या अटीवर. कोणी कोणासमोर काय झाकायचं, कुठून जायचं, कशातून प्यायचं, हे सगळं एकाच वहीतलं आहे.

आता काट्याकडेही याच अंगाने पाहा. अकराव्या शतकात व्हेनिसमध्ये लग्न होऊन आलेल्या बायझंटाइन राजकन्येने सोन्याच्या काट्याने घास उचलला तेव्हा धर्मगुरूंनी तिला उन्मत्त ठरवलं. १५३०मध्ये इरॅस्मस या डच विद्वानाने मुलांसाठी वागणुकीचं पुस्तक लिहिलं, त्यात मोठ्या थाळीतून तीन बोटांनी घास घ्यायला सांगितलंय. टॉमस कोरियट या इंग्रज प्रवाशाने इटलीतल्या काट्याचं वर्णन इंग्रजांना १६११मध्ये सांगितलं. एलियासचा प्रश्न साधा आहे: स्वतःच्या ताटातून स्वतःच्या हाताने खाण्यात अस्वच्छ काय? पाव आणि मिठाई तर युरोपात आजही हातानेच खातात. सगळ्यांचे हात एकाच थाळीत पडणं हा वेगळा प्रकार, आणि आपल्याकडे ताट-पान प्रत्येकाचं स्वतंत्र. हात साबणाने ४० ते ६० सेकंद नीट धुवावेत, नखांखालून आणि बोटांच्या बेचक्यांतूनही. एवढं केलं की भात-आमटीला काट्याची गरज नाही.

इंग्रजांनी शिष्टाचार शिकवले म्हणणाऱ्यांसाठी एकच गोष्ट पुरे. १८५४मध्ये गव्हर्नर जनरलच्या कौन्सिलने ठरवलं की सरकारी समारंभात विलायती बूट-मोजे घालणाऱ्या हिंदी माणसाला ते पायात ठेवता येतील. देशी जोडे मात्र बाहेरच काढायचे. धूळ दोन्हींना सारखीच लागते.

मारामाऱ्यांचा मुद्दा अर्धा खरा आहे, तो मानावा लागतो. पश्चिम युरोपात मध्ययुगात दर लाखामागे वर्षाला वीसच्या वर खून होत, विसाव्या शतकात ते एकाच्या आसपास आले. पण एलियास त्याचं श्रेय संस्कारांच्या पुस्तकांना देत नाही. शस्त्र आणि कर दोन्ही राजाच्या एकट्याच्या हाती गेले, तलवारीवर जगणारे सरदार दरबारी झाले, आणि दरबारात टिकायचं तर राग गिळावा लागे. म्हणून स्वतःला आवरणं अंगात मुरलं. ही घडी मोडूही शकते. एलियासची आई नाझी छावणीत मारली गेली, आणि मारणारे लोक काट्याने नीट जेवणारे होते.

थुंकण्याबाबत मेसेज बरोबर आहे. पण तिथेही क्रम पाहावा. इरॅस्मस थुंकायला मनाई करत नाही, तोंड वळवून थुंक आणि त्यावर पाय दे म्हणतो. नंतर पिकदाणी आली. १८८२मध्ये कॉखने क्षयाचा जंतू शोधला आणि १८९६मध्ये न्यूयॉर्कने सार्वजनिक जागी थुंकण्यावर बंदी घातली. आरोग्याच्या कारणाने केलेला नियम असा असतो: फुप्फुस ज्याला आहे त्या प्रत्येकाला लागू, मग तो दलाल असो की हमाल. मेसेजमधला कपाचा नियम घरातल्या एकाच माणसाला लागू आहे. मामी, तुमच्याकडच्या मावशींना उद्या चहा तुमच्याच कपातून द्या. तो धुणार आहेतच त्या.