सकाळचा मार्केट शो बघून सव्वानऊला शेअर घ्या, हा मेसेज पुढे पाठवण्याआधी हे वाचा

गेले काही दिवस एक मेसेज फिरतोय, मला वेगवेगळ्या ग्रुपवरून चारदा आला. रोज सकाळी 8 ते 9 बिझनेस चॅनलवरचा मार्केट शो बघा, एक्स्पर्ट जे शेअर सांगतात त्यातले पाच निवडा, सव्वानऊला बाजार उघडला की घ्या आणि साडेतीनच्या आत विकून मोकळे व्हा, घरबसल्या पगाराएवढे पैसे सुटतात, असं त्यात लिहिलंय. खाली कारणंपण आहेत. शोमध्ये बातमी सगळ्यांच्या आधी कळते, एक्स्पर्ट सेबी (शेअर बाजारावर देखरेख करणारी सरकारी संस्था) रजिस्टर्ड असतात म्हणून फसवणूक होत नाही, दहातले आठ कॉल, म्हणजे शेअर घ्या-विका असे सल्ले, बरोबर येतात, आणि खर्च काहीच नाही.

मी हे शो बरीच वर्षं बघतोय, आवडीने बघतो, माझा शोवर राग नाहीये. पण ओळखीतले एक काका नुकतेच रिटायर झालेत, त्यांनी हा मेसेज वाचून ग्रॅच्युइटीतले 50 हजार ट्रेडिंग खात्यात टाकले आणि मला फोन करून विचारलं, "अरे, यातला कुठला चॅनल जास्त चांगला?" तेव्हापासून डोक्यातून जात नाहीये, म्हणून हे लिहितोय.

आधी ते "सगळ्यांच्या आधी" बघू. सकाळी आठला शोमध्ये जे सांगतात त्यातलं बहुतेक सगळं तोवर भावात येऊन गेलेलं असतं. अमेरिकेचा बाजार आपल्याकडे मध्यरात्रीनंतर दीड वाजता बंद होतो, तिकडे थंडीचे दिवस असतील तर अडीचला. जपानचा पहाटे साडेपाचला उघडतो. गिफ्ट निफ्टी, म्हणजे आपल्या निफ्टी निर्देशांकावरचा गुजरातच्या गिफ्ट सिटीत चालणारा वायदा, जो जुलै 2023 पर्यंत सिंगापूरला एसजीएक्स निफ्टी म्हणून चालायचा, तो सकाळी साडेसहापासून चालू असतो आणि परदेशातली मोठी फंड हाऊसेस, संस्था तिथे सौदे करत असतात. कंपनीचा रिझल्ट, ऑर्डर मिळाल्याची बातमी, हे कंपनीला आधी एक्स्चेंजला कळवावं लागतं आणि ते एक्स्चेंजच्या साइटवर कुणालाही दिसतं, चॅनलची रिसर्च टीमपण तिथूनच उचलते. त्यामुळे अँकर "आज बाजार उघडताना यावर नजर ठेवा" म्हणतो तेव्हा ज्यांचा धंदाच हा आहे त्यांची नजर आदल्या संध्याकाळपासून तिथे असते.

आणि समजा एखादं नाव खरंच नवीन असलं, पहिल्यांदाच शोमध्ये आलं, तरी काय होतं? अमेरिकेत सीएनबीसी या बिझनेस चॅनलवरच्या मॉर्निंग कॉल आणि मिडडे कॉल या सेगमेंटवर एक अभ्यास झाला होता, 2002 मध्ये छापून आला. स्क्रीनवर शेअरचं नाव आल्यापासून काही सेकंदांत भाव हलायला लागतो आणि चांगली बातमी असेल तर मिनिटाभरात ती पूर्ण भावात येते, असं त्यात दिसलं. थोडासा फायदा मिळाला तो पहिल्या 15 सेकंदांत सौदा केलेल्यांना. ही 2002 ची गोष्ट, आज तर बऱ्याच ऑर्डरी माणूस टाकतच नाही, कॉम्प्युटर टाकतात.

आता सव्वानऊचं. मला वाटतं सगळ्यात जास्त नुकसान मेसेजमधल्या या एका ओळीने होतं आणि याबद्दल कुणीच बोलत नाही. बाजार सव्वानऊला उघडतो पण भाव त्याआधीच ठरतो. 9 ते 9.08 प्री-ओपनमध्ये, म्हणजे बाजार उघडण्याआधीच्या सत्रात, ऑर्डरी गोळा होतात, ऑर्डर घेणं शेवटच्या मिनिटात कधीही बंद होतं, मग ज्या भावाला सगळ्यात जास्त शेअरचे सौदे जुळतात तो ओपनिंग भाव धरतात. 2010 पासून ही पद्धत आहे. म्हणजे साडेआठला शोमध्ये नाव घेतलेला शेअर ज्या ज्या लोकांना हवाय त्यांच्या ऑर्डरी त्या आठ मिनिटांत आलेल्या असतात आणि तुम्ही सव्वानऊला बघता तेव्हा भाव वर जाऊन बसलेला असतो.

साधं गणित करा. काल शेअर 500 ला बंद झाला. एक्स्पर्टने सांगितलं टार्गेट 510, स्टॉपलॉस (म्हणजे भाव पडला तर तोटा सोसून विकून टाकायचा भाव) 493. ऐकायला छान, 7 रुपयांच्या जोखमीवर 10 रुपये. पण सकाळी तो उघडला 507 ला आणि तुम्ही मार्केट ऑर्डर, म्हणजे मिळेल त्या भावाला घ्या अशी ऑर्डर, टाकलीत, ती भरली 508 ला. आता टार्गेटपर्यंत उरले 2 रुपये आणि स्टॉपलॉसपर्यंत खाली 15. एक्स्पर्टने सांगितलेला सौदा आणि तुम्ही केलेला सौदा हे दोन वेगळे सौदे आहेत, नाव फक्त एकच आहे. एक्स्पर्ट खोटं बोलला असंही नाही, त्याने कालच्या बंद भावावर हिशोब केला होता आणि तो भाव तुम्हाला मिळालाच नाही.

"दहातले आठ बरोबर" हे इथेच येतं. वरच्या उदाहरणात शेअर दिवसात एकदा जरी 510 ला टेकला की चॅनलच्या पट्टीवर "टार्गेट अचीव्ह्ड" येऊ शकतं, तुम्हाला मात्र 2 रुपये मिळाले, तेही त्या क्षणी विकला असेल तर. शिवाय किती कॉल बरोबर आले हा आकडा एकटा काहीच सांगत नाही. टार्गेट 1 टक्क्यावर ठेवा आणि स्टॉपलॉस 3 टक्क्यांवर, कुठलीही हुशारी न वापरता डोळे मिटून शेअर निवडले तरी साधारण 100 पैकी 75 वेळा टार्गेट आधी येईल, कारण ते जवळ आहे. 75 वेळा 1 टक्का मिळाला म्हणजे 75, आणि 25 वेळा 3 टक्के गेले म्हणजे 75. बेरीज शून्य. म्हणून कुणी स्ट्राइक रेट, म्हणजे शंभरातले किती कॉल बरोबर आले हे, सांगितलं की लगेच विचारा, बरोबर आलेल्यात सरासरी किती मिळाले आणि चुकलेल्यात किती गेले. हा दुसरा आकडा त्या मेसेजमध्ये कुठेच नाहीये.

सेबी रजिस्टर्डबद्दल लोकांचा फार मोठा गैरसमज आहे आणि तो मनापासून दूर व्हावा असं मला वाटतं. रिसर्च अ‍ॅनालिस्टचे नियम 2014 चे आहेत, नोंदणी नंबर आयएनएच ने सुरू होतो, स्वतःचा हितसंबंध असेल तर जाहीर करावा लागतो, आणि ज्या शेअरवर रिपोर्ट दिला त्यात आधीचे 30 दिवस आणि नंतरचे 5 दिवस स्वतः सौदा करता येत नाही. चांगले नियम आहेत. पण नोंदणी म्हणजे पात्रता आणि नियम पाळायचं बंधन, कॉल बरोबर येईल याची हमी नाही. सेबी कुठल्याच कॉलला मंजुरी देत नाही, तिथे कुणी बसून तुमच्या पाच शेअरवर सही करत नाही.

आणि नियम मोडलेही गेलेत. जानेवारी 2021 मध्ये सेबीने एका हिंदी बिझनेस चॅनलच्या अँकरविरुद्ध अंतरिम आदेश काढला. सेबीचं म्हणणं असं होतं की शोमध्ये जे शेअर सांगितले जाणार ते त्याच्या बायकोच्या आणि आईच्या खात्यात आदल्या दिवशी घेतले जायचे आणि दुसऱ्या दिवशी शो झाल्यावर विकले जायचे, सुमारे 2 कोटी 95 लाख रुपये जप्त करायला सांगितले होते. मग फेब्रुवारी 2024 मध्ये दुसऱ्या एका चॅनलवर येणाऱ्या पाहुण्या एक्स्पर्टबद्दल असाच अंतरिम आदेश आला, तिथे काय सांगणार हे आधीच काही जणांना कळवलं जायचं आणि ते आधी घेऊन नंतर विकायचे असं सेबीने म्हटलं, रक्कम 7 कोटी 41 लाख. सगळे अँकर, सगळे एक्स्पर्ट असे आहेत असं मी अजिबात म्हणत नाहीये, बरेच जण प्रामाणिकपणे काम करतात. पण अशा प्रकरणांत शो झाल्यावर ते विकायचे तेव्हा समोरून घेत कोण होतं हे बघा. सव्वानऊला घाईघाईने घेणारा प्रेक्षकच ना.

राहिलं "खर्च काहीच नाही". काकांचंच धरू, खात्यात 50 हजार, इंट्राडेला, म्हणजे त्याच दिवशी घेऊन विकायच्या सौद्याला, ब्रोकर पाचपट लिमिट देतो म्हणून 50-50 हजाराचे पाच सौदे. एका सौद्याला घेताना आणि विकताना 15-15 रुपये ब्रोकरेज, विकताना 0.025 टक्के एसटीटी (शेअरच्या सौद्यावरचा सरकारी कर) म्हणजे साडेबारा रुपये, वर एक्स्चेंज चार्ज, स्टँप ड्युटी, जीएसटी, असं करत 50 च्या आसपास जातात. रोज पाच, महिन्याचे 20 दिवस, झाले 100 सौदे आणि 5 हजार रुपये. म्हणजे भांडवलाच्या 10 टक्के दर महिन्याला, नफा होवो न होवो. आणि नफा झालाच तर तो सट्ट्याच्या धंद्याचं उत्पन्न म्हणून स्लॅबप्रमाणे टॅक्सला जातो, तोटा झाला तर तो पगार किंवा पेन्शनमधून वजा करता येत नाही.

हे नुसतं माझं कागदावरचं गणित नाहीये. सेबीने जुलै 2024 मध्ये कॅश सेगमेंटमधल्या, म्हणजे थेट शेअरच्या, इंट्राडेचा अभ्यास प्रसिद्ध केला, 2022-23 या वर्षात इंट्राडे करणाऱ्या वैयक्तिक ट्रेडरपैकी 71 टक्के तोट्यात होते. वर्षाला 500 पेक्षा जास्त सौदे करणाऱ्यांत हे प्रमाण 80 टक्के. त्या मेसेजप्रमाणे रोज पाच केले तर 500 पाच महिन्यांत होतात.

"मग शो बघूच नको का" असं काकांनी विचारलं. बघा की, मी उद्यापण बघणार आहे. क्रूड का वाढलं, रिझर्व्ह बँकेच्या पॉलिसीत काय झालं, एखाद्या कंपनीचा नफा वाढला पण विक्री का घटली, हे कुणीतरी रोज सोपं करून सांगतंय ही मोठी सोय आहे, मॅनेजमेंटच्या मुलाखती तर मी हटकून ऐकतो. मी त्यांना फक्त एक महिना सौदा न करता वही घालायला सांगितली. शोमध्ये सांगितलेले पाच शेअर, कालचा बंद भाव, आज सव्वानऊचा भाव, साडेतीनचा भाव, आणि शेवटच्या रकान्यात 50 रुपये खर्च. आज नववा दिवस आहे. काल रात्री त्यांचा फोन आला, म्हणाले, "अरे, हे लोक कालच्या बंद भावापासून का मोजतात, आपल्याला तर तो मिळतच नाही?"