मंत्र नव्हेत, पाथरवटांच्या खुणा

युरोपातली मध्ययुगीन कॅथेड्रल बांधणारे पाथरवट एका गूढ पंथाचे होते आणि दगडांवर चिन्हं कोरून ते वास्तवालाच आकार देत, असा मजकूर सध्या फिरतो आहे. कल्पना झकास, पण तिला आधार नाही.

ती चिन्हं छिन्नीच्या चार-सहा सरळ घावांत उमटणारी आहेत. नगावर मजुरी असे तिथे कोणता दगड कोणी घडवला, हे त्यावरून कळे. काही खुणा तर दगड कुठे बसवायचा एवढंच सांगतात. पाथरवटांची प्रतीकं वापरणारी फ्रीमेसन ही बंधुसंघटना आपल्या शाखेला ‘लॉज’ म्हणते; पण ‘लॉज’ म्हणजेही मुळात बांधकामाशेजारची कामाची शेड.

गुपितं मात्र होती. रेजियस हस्तलिखित हे साधारण १४०० च्या आसपासचं इंग्रजी पद्य; त्यात उस्तादाची आणि लॉजमधली गोष्ट बाहेर फोडू नये, असं बजावलंय. मजकूरवाले नेमकं एवढंच उचलतात. पुढचं वाचतच नाहीत बहुधा! शिकाऊ मुलगा किमान ७ वर्षांसाठी घ्यावा, रात्री दगडकाम करू नये, दुसऱ्याचं काम हिसकावू नये, असे नियम त्यात आहेत. शेवटी तर जेवताना दात कोरू नका, हात पुसायच्या कापडात नाक शिंकरू नका, इथवर मजल जाते. वास्तव घडवणाऱ्या सिद्धपुरुषांना हे सांगावं लागलं असतं?

फ्रीमेसनांचे प्रतीकात्मक विधी नंतरचे, मुख्यतः १७व्या-१८व्या शतकांत आकाराला आलेले. त्या काळच्या बहुतेक फ्रीमेसनांनी दगडाला छिन्नीही लावलेली नव्हती.