उलाय काही आभाळातून पडला नव्हता

आमच्या फॅमिली ग्रुपवर परत तो व्हिडिओ आलाय. लाल गाऊनमधली मारिना अब्रामोविच (परफॉर्मन्स आर्टिस्ट, म्हणजे लोकांसमोर स्वतः काही करून दाखवणं हीच तिची कला), समोर येऊन बसलेला तिचा जुना जोडीदार आणि सहकलाकार उलाय, दोघांच्या डोळ्यात पाणी, मागे पियानो. खाली लिहिलंय की यांचं जिवापाड प्रेम होतं, प्रेमापोटीच चीनच्या भिंतीवर शेवटची मिठी मारून वेगळे झाले, मग २३ वर्षं एकमेकांचं तोंड पाहिलं नाही आणि एक दिवस तो अचानक समोर आला. मावशीने बारा रडके इमोजी टाकलेत.

पहिलं भिंतीचं. दोघं दोन टोकांनी ९० दिवस, प्रत्येकी साधारण २५०० किलोमीटर चालले हे खरंय. पण मूळ प्लॅन मधे भेटून लग्न करायचा होता! चीन सरकारची परवानगी मिळेपर्यंत वर्षं गेली, नातं विस्कटलं, आणि १९८८ मधे चालले ते ब्रेकअपसाठी. उलायचं तर तिथल्याच दुभाषी बाईशी जमलेलं, पुढे तिच्याशी लग्नही केलं. कसली प्रेमापोटी मिठी.

तोंड पाहिलं नाही म्हणे. अहो १९९९ मधे दोघांचं जुन्या कामाच्या हक्कांचं कॉन्ट्रॅक्ट झालं, त्यावरूनच पुढे २०१५ मधे उलायने तिच्यावर केस टाकली आणि २०१६ ला अॅमस्टरडॅमच्या कोर्टाने तिला अडीच लाख युरो द्यायला लावले. व्हिडिओत हे कोण टाकणार, पियानोवर बसत नाही ना.

आणि "अचानक". व्हिडिओ आहे २०१० चा, न्यूयॉर्कच्या मोमा या आधुनिक कलेच्या म्युझियममधल्या मारिनाच्या प्रदर्शनातला, त्यात दोघांनी मिळून केलेली कामंही होती, उलाय उद्घाटनाला बोलावलेला पाहुणा होता, त्याआधी दोघं भेटलेले तिच्यावरच्या डॉक्युमेंट्रीत दिसतात. खुर्चीत येऊन बसणं तिला अनपेक्षित असेलही, माणूस नव्हता.

आता म्हणाल अश्रू खोटे का? नाही हो, मला तरी खरे वाटतात, फक्त कारण वेगळं वाटतं. १९८१ ते ८७ या दोघांनी जगभर एक परफॉर्मन्स केला, टेबलाच्या दोन बाजूंना समोरासमोर बसायचं, बोलायचं नाही, हलायचं नाही, दिवसाला सात-सात तास, असे सगळे मिळून ९० दिवस. तुम्ही लग्नाच्या पंगतीत अर्धा तास मांडी घालून बसा म्हणजे कळेल. उलायचं वजन उतरत गेलं, दुखणं असह्य झालं, एकदा तो मधेच उठून गेला आणि ही रिकाम्या खुर्चीसमोर बसून राहिली. नातं तुटायला हेही एक कारण होतं.

मोमामधे ती तेच बसणं एकटी करत होती, जवळपास तीन महिने, ७०० हून जास्त तास. नियम दोनच, समोरच्याला हात लावायचा नाही, बोलायचं नाही. त्या खुर्चीत हा येऊन बसला. मधे टेबल होतं, आणि तिने नियम मोडून त्यावरून दोन्ही हात पुढे केले.